कठिनीभवन

ता. ९ जानेवारी

ती. वन्संना,
सा. न. वि. वि.

तुमचं पत्र पोचलं. तुमच्या माती-पाहणीच्या तळावर फोन लागत नाही हे एका परीनं बरंच आहे, नाहीतर तुमच्या भावानं एव्हाना रोज फोन करून माझ्या चहाड्या केल्या असत्या. आता त्या मीच करते, म्हणजे निदान मीठमसाला माझ्या हातचा राहील.

हाताचं तुम्हाला कळवणार नव्हते. पण लपवून लपवून किती लपवणार? थंडी सुरू झाली तशी माझी बोटं पांढरीफटक पडायला लागली, मग निळी. शिवणाच्या कारखान्यातल्या बायका म्हणाल्या, रक्त कमी झालंय. पुढे बोटांवरची कातडी चकचकीत झाली आणि अशी ताणून बसली की चिमटीत धरू म्हटलं तर धरता येईना. अंगठी साबण लावून काढली, ती पुन्हा चढली नाही. गेल्या महिन्यात कोटाची बाही कापताना कात्री माझ्या बोटांत तशीच उघडी राहिली. मिटेना आणि सुटेना. मास्तरांना वाटलं, मी थट्टा करते आहे. त्यांनी येऊन एकेक बोट बाहेर काढलं तेव्हा कटिंग टेबलावरच्या सगळ्याजणी कात्र्या खाली ठेवून बघत होत्या. इतकी वर्षं कापड कापते आहे, पण मला असं कुणी कधी पाहिलं नव्हतं.

मग तपासण्या झाल्या. डॉक्टरांनी आजाराचं एक लांबलचक नाव सांगितलं आणि कागदावर लिहिलं, ‘त्वचेचं कठिनीभवन’. त्याचा अर्थ विचारीपर्यंत पुढचा पेशंट खुर्चीत येऊन बसलासुद्धा. घरी आल्यावर हे म्हणाले की हा शब्द मी पाहिलाय, आक्काच्या नकाशांवर असतो. आणि खरंच, तुम्ही आमच्याकडे ठेवून गेलात त्या जमिनींच्या नकाशावर खाली कोपऱ्यात तो बारीक अक्षरांत आहे. तर वन्सं, तुमचा मातीतला शब्द माझ्या हातात काय करतोय ते कळवा. सावकाश कळवा, पण खरं कळवा.

हे त्या दिवसापासून माझ्याकडे लिफ्टच्या झिजलेल्या तारेकडे बघावं तसे बघतात. दिवसभर लोकांच्या लिफ्ट दुरुस्त करणाऱ्या माणसाची नजर फार वाईट. त्याला सगळीकडे तुटायला आलेलंच दिसतं.

घरात आम्ही दोघंच, तेव्हा तुमचा लोभ कुणात वाटून घ्यावा लागत नाही. असेल तेवढा सगळा इकडे पाठवावा.

तुमची,
कात्री


ता. २० जानेवारी

चि. सौ. कात्रीस,
अ. उ. आ.

पत्र वाचून आधी रागावले, मग घाबरले. इतके महिने गप्प राहिलीस? तुझं नाव मी कात्री ठेवलं ते तुझ्या धंद्यावरून नव्हे, जिभेवरून. आणि नको तिथे नेमकी तीच बोथट झाली.

खरं कळव म्हणतेस, तर मला माझं तेवढं खरं माहीत आहे. जमिनीत पाणी मुरताना बारीक कण आणि चुना आपल्याबरोबर खाली नेतं आणि एका पातळीवर सोडून देतं. ते तिथं साचत राहतं, घट्ट होत जातं. वरून काही कळत नाही, वरची माती भुसभुशीतच असते. मुळं खाली जातात, त्या थराला लागली की आडवी वळतात आणि तशीच पसरत राहतात. आम्ही खड्डा खणतो, आत उतरतो आणि सुरीच्या टोकानं भिंत थोडी थोडी उचकतो. गुळगुळीत तासायची नसते. उचकली की माती आपल्या भेगांवर सुटते, आणि थर कुठं सुरू झाला ते दिसतं. त्या थराला आम्ही हा शब्द लावतो. डॉक्टरांनी तो कातडीला लावला, कारण तीही तशीच घट्ट होते आहे. एवढंच नातं आहे दोघांत. त्यापलीकडे मला औषधपाण्यातलं काही कळत नाही.

पण कळत नसलं तरी डोकं आहे. अशा जमिनीवर जड यंत्रं फिरवत राहिलं तर थर आणखी दाबला जातो. म्हणून आम्ही शेतवाल्यांना पहिली गोष्ट सांगतो ती ही की बाबा, आधी काम थांबव. तुझ्या हातांनी जन्मभर जाड कापडाच्या थप्प्या कापल्यात. त्यांना विश्रांती हवी. तू ऐकणार नाहीस हे माहीत असल्यामुळे धाकट्याला वेगळं पत्र टाकलंय. कात्री उचलून ठेव, कारखाना बंद, घरकाम बंद, असं स्पष्ट लिहिलंय. तू रागावशील ते आत्ताच रागावून घे.

माझं काम ठीक चाललंय. सोबतीला एक दोरीवाली दिली आहे. आमच्यात नियम आहे की खड्डा डोक्याहून खोल गेला की वर माणूस असल्याशिवाय आत उतरायचं नाही. वरच्यानं काठावर वाकायचं नाही, काही झालं तरी खाली उडी मारायची नाही. फक्त दोरी धरून बोलत राहायचं, आणि वेळ पडली तर हाका मारून माणसं गोळा करायची. ही बाई बोलण्यात तुझ्यावर ताण करील. दिवसभर मला तिच्या सुनेचे प्रताप ऐकवते. तिचा आवाज बंद पडला की मला चुकल्यासारखं होतं.

हातांना जप. इथून मला दुसरं काही करता येत नाही, म्हणून हुकूम सोडते. तो मायेतच धर.

तुझी,
वन्सं


ता. २४ फेब्रुवारी

ती. वन्संना,
सा. न. वि. वि.

तुमच्या हुकमाची तामिली झाली. घरात तुमचा शब्द म्हणजे काळ्या दगडावरची रेघ. तुम्ही शिकलेल्या, तुम्ही थोरल्या, आणि आईच्या माघारी तुमच्या भावाचं नाक तुम्ही पुसलेलं. त्यानं पत्र दोनदा वाचलं आणि माझी मोठी कात्री तेलाच्या फडक्यात गुंडाळून कपाटावर ठेवली, मला खुर्चीवर चढूनही पोचणार नाही अशी. मग कारखान्यात जाऊन मास्तरांना सांगून आले की ती आता येणार नाही. मास्तर म्हणाले म्हणे की तिची जागा राखून ठेवतो. हे म्हणाले, नको.

आता माझा थाट ऐका. सकाळी चहा हातात येतो, म्हणजे तोंडापाशीच येतो. वेणी हे घालतात. पहिल्या दिवशी ती वायरीसारखी पिळली होती, आता बरी जमते. कामाला जाताना जेवण टेबलावर झाकून, पाण्याच्या पेल्यात नळी घालून जातात. भाजी चिरायची नाही, कपडे पिळायचे नाहीत, बटणं लावायची नाहीत. नव्या नवरीचेही असे लाड होत नसतील. मी खिडकीशी बसते. समोरच्या इमारतीत एक म्हातारा दिवसभर खिडकीशी बसलेला असतो. आधी मला त्याची कीव यायची. परवा माझ्या लक्षात आलं की तोही माझ्याकडे तसाच बघतो आहे.

बाहेर पडणं नाही. आमच्या लिफ्टची जाळी ओढायला जड आहे हे तुम्हाला माहीत आहेच, जिने चार मजले, आणि यांना वाटतं मी घसरून पडेन. एकदा म्हटलं, थोडं कारखान्यात जाऊन नुसती बसते, तर म्हणाले, आक्काला विचारू. मी हात टेकले. तेवढे टेकता येतात अजून.

अक्षर वाईट आहे, समजून घ्या. पेन आता अंगठा आणि तळव्याच्या मध्ये धरते. हे घरी नसताना लिहिते, नाहीतर पेनही कपाटावर जाईल. लिहून झालं की दाराखालून बाहेर सरकवते. शेजारीण ते उचलते, मिळालं म्हणून भिंतीवर टकटक करते आणि पोस्टाच्या पेटीत टाकते. फार भली बाई आहे, पण पोस्टकार्ड असतं तर वाचून टाकलं असतं.

रागावायला सांगितलं होतंत ते रागावून झालं. आता थोडी माया शिल्लक असेल तर द्या.

तुमची,
(नावालाच) कात्री


ता. ८ मार्च

चि. सौ. कात्रीस,
अ. उ. आ.

धाकट्यानं ऐकलं हे वाचून जिवात जीव आला. वेणीचं वाचून दोरीवाली आणि मी, दोघी पोट धरून हसलो. लहानपणी त्याला स्वतःच्या बुटाची नाडी बांधता येत नव्हती.

वरिष्ठ म्हणतात, हा भाग संपला की पलीकडच्या खोऱ्याची पाहणी माझ्याकडेच द्यायची आहे. ज्या कामासाठी मी केस पांढरे केले ते हेच. अजून हो म्हटलेलं नाही. तुझी तब्येत पाहून ठरवीन.

पण एक गोष्ट माझ्या डोक्यातून जात नाही. शेजारीण दारापाशी येते, आणि तू पत्र दाराखालून सरकवतेस. का? दार उघडून तिच्या हातात का देत नाहीस? तुला गप्पांची एवढी हौस, आणि दारात आलेली बाई तू तशीच परत धाडतेस? उगाच थट्टेवारी नेऊ नकोस. सरळ उत्तर दे.

उत्तर येईपर्यंत जीव टांगणीला लागलेली,
तुझी,
वन्सं


ता. १९ मार्च

ती. वन्संना,
सा. न. वि. वि.

सरळ विचारलंत, सरळ सांगते. दाराला बाहेरून कुलूप असतं.

आमच्या दारांच्या मुठी गोल, पितळी आहेत. गोल मूठ फिरवायला बोटांनी आवळावी लागते. जानेवारीत दोन्ही हातांच्या तळव्यांमध्ये धरून फिरवायचे, मग तेही जमेना. एकदा हे कामावर असताना न्हाणीघराचं दार वाऱ्यानं लागलं आणि मी आत राहिले. हे संध्याकाळी येईपर्यंत मी आतच होते. मी काही ओरडले नाही. कुणाला ऐकू जाणार, आणि शेजाऱ्यांपुढे शोभा कशाला. बादली पालथी घालून बसले आणि नळाचे थेंब ऐकत राहिले. यांनी दार उघडलं तेव्हा त्यांचा चेहरा माझ्याहून वाईट झाला होता. दुसऱ्या दिवशी त्यांनी आतल्या सगळ्या दारांच्या मुठी काढून टाकल्या, आणि बाहेरच्या दाराला कुलूप लावायला लागले. म्हणाले, तू बाहेर पडलीस आणि जिन्यात कोसळलीस तर? किल्ली शेजारणीकडे असते, फक्त आग लागली तर उघडायला.

कुलूप लावलं असं लिहिलं की ते दुष्ट वाटतात. ते दुष्ट नाहीत हो. संध्याकाळी कुलूप काढताना मला आतून कळतं, किल्ली भोकात जायच्या आधी ते थोडा वेळ बाहेर नुसते उभे राहतात. मी धड असेन ना, अशी धास्ती घेऊन. अशा माणसाशी भांडायचं कसं तेच मला समजत नाही. मारकुटा असता तर निघून गेले असते.

आणि हात विचाराल तर आधीपेक्षा वाईट आहेत. कारखान्यात जात होते तेव्हा निदान पेला धरता यायचा. आता अंगठा आणि बोटांमध्ये पेल्याएवढी फटच राहिलेली नाही. मांडीवर ठेवून ठेवून ते मांडीवर ठेवल्यासारखेच झालेत. हे आजारानं झालं की रिकामं बसून झालं, मला माहीत नाही, पण मला वाटतं ते सांगते. कापत असते तर इतकं झालं नसतं.

वन्सं, तुमचं ते पत्र मागं घ्या. मी बोलले की हे म्हणतात, आक्कानं सांगितलंय. तुम्ही लिहिलंत तरच कुलूप निघेल. मला मोठं काही नको. आपल्या हातानं दार उघडून खाली जायचं आहे, कारखान्यात टेबलाशी उभं राहायचं आहे. बोटं पुरती मिटायच्या आत. नंतर उघडलेल्या दाराचा मला काय उपयोग?

आज थट्टा जमत नाही. माफी असावी, आणि उत्तर लवकर यावं.

तुमची,
कात्री


ता. २ एप्रिल

चि. सौ. कात्रीस,
अ. उ. आ.

वाचून वाईट वाटलं. पण भावनेच्या भरात निर्णय घेऊ नयेत असं माझं पहिल्यापासूनचं मत आहे. कुलूप मलाही पसंत नाही. तसं मी धाकट्याला सुचवीन. विश्रांतीचं मात्र मी मागं घेणार नाही. आत्ता हाताला ताण दिलास आणि उरलंसुरलं गेलं, तर मी स्वतःला काय तोंड दाखवू? आणि एकटी चार मजले उतरणार, रस्ता ओलांडणार, हे मलाही झेपण्यासारखं वाटत नाही. पावसाळ्याआधी माझा इथला भाग संपेल. मी येते, चांगला डॉक्टर गाठू, मग ठरवू. तोवर थोडी कळ काढ. शहाणी आहेस.

वडिलकीच्या नात्यानं लिहिलंय, मनात किंतु नसावा.

तुझी,
वन्सं


ता. १२ एप्रिल

ती. वन्संना,
सा. न. वि. वि.

आपलं पत्र पावलं. आपण म्हणता तसं. इकडे सर्व क्षेम.

कळावे.


ता. २९ एप्रिल

चि. सौ. कात्रीस,
अनेक आशीर्वाद आणि एक नमस्कारही.

हे पत्र खाटेवरून लिहिते आहे. घाबरू नकोस. पाय सुजलाय आणि फासळ्या ठणकताहेत, बाकी शाबूत आहे. झालं ते सांगते.

तुझं दोन ओळींचं पत्र आलं त्या दिवशी माझं डोकं ठिकाणावर नव्हतं. ‘आपण’ म्हणालीस मला. जन्मात कधी म्हणाली नव्हतीस. दोरीवाली तळावर पाणी आणायला गेली होती. तिची वाट न बघता मी खड्ड्यात उतरले. इतरांना ज्या नियमासाठी मी फैलावर घेते तोच मोडला. भिंत उचकत होते, आणि मागची बाजू बसली. आवाजही फारसा झाला नाही. छातीपर्यंत माती. एक हात आत, एक बाहेर. बाहेरच्या हातात सुरी तशीच होती.

माती इतकी जड असते हे मला माहीत असायला हवं होतं, पण मी ती आजवर बाहेरूनच मोजली. श्वास सोडला की ती आत सरकते आणि पुन्हा घ्यायला तेवढी जागा ठेवत नाही. मी हाका मारल्या, मग हाका मारायलाही श्वास पुरेना. तेव्हा मला न्हाणीघर आठवलं. बादलीवर बसलेली तू आठवलीस, कात्री, आणि मी तुला लिहिलेलं ‘थोडी कळ काढ’ आठवलं.

दोरीवाली आली. ती काठाशी आली नाही, लांबूनच बोलत राहिली, आणि तिच्या त्या आवाजानं अख्खा तळ गोळा केला. माणसं फावडी घेऊन उतारानं खणत यायला लागली. सगळे माझ्या मायेतले. सगळे ओरडत होते की बाई, हलू नका, हात आवरून घ्या, आम्ही काढतो. आणि मी त्या एका हातानं सुरीच्या टोकानं समोरची माती उचकत होते. त्यांना वाटलं, मला भ्रम झालाय. एकानं जवळ पोचताच माझं मनगट धरलं. प्रेमानंच धरलं. तेव्हा मी जी किंचाळले तशी माती अंगावर आली तेव्हाही किंचाळले नव्हते. दोरीवाली त्याला म्हणाली, सोड हात तिचा, तिला करू दे काय करते ते.

मी किती माती काढली असेन? तांब्याभर. बाहेर काढलं मला फावड्यांनीच. पण तो हात धरून ठेवला असता तर मी वेडी झाले असते, हे मला आता पक्कं ठाऊक आहे.

इथल्या डॉक्टरीणबाईंनी पाय बांधला तेव्हा त्यांना तुझं सगळं सांगितलं. त्यांनी कपाळाला हात लावला. म्हणाल्या, हात ठेवून द्यायचे नसतात, रोज कोमट पाण्यात शेकून हलवायचे असतात, झेपेल तेवढं काम करायचं असतं. वापरले नाहीत तर ठेवलेत तसेच बसतील. म्हणजे तू बरोबर सांगत होतीस आणि मी चूक. तीन महिने तुझे हात मी मांडीवर ठेवायला लावले. तेवढं जे गेलं ते परत येईल का, विचारलं. त्या म्हणाल्या, सगळं नाही.

मला माफ कर असं लिहून मोकळी होणार नाही. धाकट्याला आजच लिहिलंय ते असं: कुलूप हे पत्र वाचताक्षणी काढ, परवानगी माझी नको, तिची घे, आणि यापुढे तिच्याबद्दल काही विचारायचं तर तिलाच विचार. गोल मूठ काढून लांब दांडीची बसव, कोपरानं दाबता येईल अशी. लिफ्टच्या यंत्रखोलीला असते तशी. त्याला बरोबर कळेल.

आणि मला पुन्हा ‘आपण’ म्हणू नकोस. त्याखेरीज काहीही म्हण.

तुझी,
वन्सं


ता. ९ मे

ती. आक्कास,
सा. न. वि. वि.

तुझ्या पायाची काळजी वाटते. मला पत्र लिहायची सवय नाही, चुकलंमाकलं सांभाळून घे.

कुलूप काढलं. तू लिहिलंस म्हणून काढलं, आणि हेच तिला लागलं. म्हणाली, आताही आक्कानं सांगितलं म्हणूनच ना? मी दिवसभर लिफ्टमध्ये अडकलेली माणसं बाहेर काढतो, आक्का. त्यांना आधी विचारतो, बरे आहात ना, घाबरला नाहीत ना. घरी मात्र मी तिला एकदाही विचारलं नाही. मलाच इतकी भीती वाटत होती की माझं आवरता आवरेना.

दांडीची मूठ बसवली. यंत्रखोलीला बसवतो तशीच. तिनं कोपरानं दाबून दार उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं. मग मी कपाटावरची कात्री काढून दिली. तिचा अंगठा कात्रीच्या कड्यात गेला नाही. दुसऱ्या हाताचाही नाही. तिनं कात्री टेबलावर ठेवली आणि रडली. मी तिला असं रडताना कधी पाहिलं नव्हतं. मी हात धरायला गेलो आणि तू तिला लिहिलेलं ते मनगटाचं आठवलं, म्हणून नुसता बसून राहिलो.

इथल्या डॉक्टरांकडे पुन्हा नेलं. त्यांनी छातीला नळी लावून बराच वेळ ऐकलं. तोच शब्द आता फुप्फुसांपाशीही लिहिलाय. थोडंच आहे म्हणाले. तिला माहीत आहे. तिनं कागद माझ्या आधी वाचला.

तू येणार असशील तर मला बरं वाटेल. माया आहेच, ती मला लिहिता येत नाही एवढंच.

तुझा,
धाकटा


ता. ३० मे

ती. वन्संना,
सा. न. वि. वि.

पाय जमिनीवर टेकायला लागला हे वाचून बरं वाटलं. छातीपर्यंत पुरून घेतल्याशिवाय तुम्हाला माझं म्हणणं पटलं नाही, धन्य आहे तुमची. दोरीवालीला माझा नमस्कार सांगा आणि तिच्या सुनेलाही, बिचारीला.

‘आपण’ मागं घेतलं. राग मात्र सगळा मागं घेतलेला नाही. थोडा आहे. कात्रीच्या कड्यात अंगठा गेला नाही तेव्हा मला तुमचाच राग आला, आणि हे खोटं लिहिण्यात अर्थ नाही. तुम्हीही त्यावर फार लिहू नका. तो कमी होईल तेव्हा कळवीन.

यांनी मला दोनदा कारखान्यात नेलं. मास्तरांनी जागा खरंच राखली होती. कापता येणार नाही, पण खडू मला मुठीत धरता येतो. मास्तर म्हणाले, कापडावर आखणी तू कर, कापायला या पोरी आहेत. पहिल्या दिवशी रेघ अशी गेली की तिच्यावरून कोट कापला असता तर तो कुबड असलेल्या माणसालाच झाला असता. पोरी हसल्या, मीही हसले. दुसऱ्या दिवशी बरी गेली. रोज गरम पाण्यात हात शेकते, बोटं ताणते, दुखतं. पेल्याची फट परत आलेली नाही. चमच्याची आली आहे, तर सूप माझं मी पिते आणि निम्मं सांडते. हे फडकं घेऊन शेजारी बसतात, पण पुसत नाहीत. मला पुसू देतात. हे त्यांना फार जड जातं.

तुम्ही खोऱ्याचं काम सोडून इकडे येऊन राहते म्हणून यांना लिहिलंत, ते मला समजलं. येऊ नका. म्हणजे पाहुणी या, चार दिवस राहा, भांडा, जा. पण राहायला नको. मला तुमची गरज नाही असं नाही. फार आहे. ही कातडी मला सोडणार नाही हे मी जाणून आहे, आणि आता आतही तेच चाललंय. श्वास सोडला की माती आत सरकते, असं तुम्ही लिहिलंत. जिना चढताना मला परवा तसंच झालं. पुढे काय होणार ते मला दिसतं, आणि त्याची मला भीती वाटते. यांना सांगत नाही, तुम्हाला सांगते. पण वरच्या माणसानं खाली उडी मारायची नाही हा तुमचाच नियम आहे. तुम्ही तिथं वरच राहा आणि मोठ्यानं बोलत राहा. खोऱ्यातल्या मातीचं लिहा, दोरीवालीच्या सुनेचं लिहा, काहीही लिहा. तुमचं पत्र यायला उशीर झाला की मला चुकल्यासारखं होतं.

तुमच्या लोभाची मला सवय झाली आहे, ती मोडू नये.

तुमची,
कात्री

ता. क. हे कामावर गेलेत. कुलूप निघाल्यापासून एकटीनं खाली जायची आज पहिलीच वेळ आहे आणि मी त्यांना सांगितलेलं नाही. शेजारणीलाही हाक मारणार नाही. दार कोपरानं उघडेल. लिफ्टच्या जाळीत खांदा घालून बघते. तीत अडकले तर सोडवायला तुमचा भाऊच येईल आणि आयुष्यभर ऐकवील. नाही सरकली तर जिने आहेत, बसत बसत उतरेन. मग रस्ता, आणि पलीकडे पेटी. पाकीट दातांत धरीन. कोपऱ्यावर दातांचे व्रण दिसले तर नावं ठेवू नका. हे पत्र तुमच्या हाती पडलं, तर समजा, मी खाली पोचले.